निलंबित असताना निवृत्त होणाऱ्याला काय मिळतं?

तुमचे वडील देवगडला महसूल खात्यात आहेत, सात महिने निलंबित आहेत आणि पुढच्या महिन्यात ५८ पूर्ण होऊन निवृत्त होतायत. निर्वाह भत्ता, म्हणजे निलंबनाच्या काळात पगाराऐवजी मिळणारी रक्कम, तीन महिने आलेला नाही आणि ऑफिसातले सांगतात, चौकशी संपेपर्यंत एक पैसा मिळणार नाही. मी सिंधुदुर्गातच बावीस वर्षं आस्थापना शाखेत, म्हणजे कर्मचाऱ्यांच्या सेवेची कागदपत्रं सांभाळणाऱ्या शाखेत, काम केलं, म्हणून स्पष्ट सांगतो: ऑफिसातले सांगतात ते चूक आहे.

आधी भत्ता. निलंबन ही शिक्षा नाही, माणूस नोकरीतच असतो. निलंबन काळातल्या वेतनाबद्दलच्या १९८१ च्या महाराष्ट्र नागरी सेवा नियमांतल्या नियम ६८ प्रमाणे पहिले तीन महिने अर्धपगारी रजेच्या वेतनाइतकी रक्कम आणि तिच्यावरचा महागाई भत्ता मिळतो. मूळ वेतन ६०,००० असेल तर ३०,००० अधिक महागाई भत्ता. तीन महिन्यांनंतर, उशीर वडिलांमुळे झालेला नसेल तर, हे ३०,००० वाढवून ४५,००० पर्यंत नेता येतात. पण कोणी आपणहून वाढवत नाही, लेखी मागावं लागतं.

आता भत्ता का थांबला असेल ते बघा. 'मी दुसरी नोकरी, धंदा किंवा व्यवसाय करीत नाही' असं प्रमाणपत्र दिल्याशिवाय बिल निघत नाही. माझ्या एका सहकाऱ्याचे पाच महिने असेच गेले. वाण्याकडे उधारी, मुलीची फी थकलेली, आणि ऑफिसात एकानेही त्याला सांगितलं नाही की अर्ध्या फुलस्केपवर चार ओळी लिहून द्यायच्या आहेत. मला ते अजून बोचतं. दर महिन्याला प्रमाणपत्र द्या आणि दुसऱ्या प्रतीवर आवकचा शिक्का घ्या. निलंबनाच्या आदेशात मुख्यालय, म्हणजे या काळात राहायचं ठिकाण, ओरोस असेल तर गणपतीला घरी यायलाही लेखी परवानगी घ्या, नाहीतर नवा ठपका बसतो.

निवृत्तीनंतर निर्वाह भत्ता थांबतो आणि १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांतला नियम १३० लागू होतो. त्याप्रमाणे तात्पुरतं निवृत्तिवेतन मिळतं, निलंबनाच्या आदल्या दिवसापर्यंतच्या सेवेवर मोजून. ही मेहेरबानी नव्हे. निवृत्तिवेतन ही मालमत्ता आहे, ती कायद्याच्या आधाराशिवाय काढून घेता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१३ साली झारखंडच्या प्रकरणात म्हटलंय. भविष्य निर्वाह निधीचे पैसेही चौकशीच्या नावाखाली अडवता येत नाहीत.

उपदान (ग्रॅच्युइटी) मात्र चौकशीचा अंतिम आदेश होईपर्यंत थांबतं. अंशराशीकरण, म्हणजे निवृत्तिवेतनाचा काही भाग एकरकमी घेणं, तेही तोवर नाही. शिल्लक रजेचे पैसे, सरकारी येणं निघण्याची शक्यता असेल तर रोखून ठेवतात. दोषारोपपत्र, म्हणजे आरोप लेखी कळवणारा कागद, दिलेलं नसलं तरी त्याच १९८२ च्या नियमांतला नियम २७ निलंबनाच्या तारखेपासून चौकशी सुरू झाली असं धरतो, त्यामुळे 'अजून चौकशीच नाही' हा मुद्दा इथे चालत नाही.

पण दोषारोपपत्र न मिळण्याचा दुसरीकडे उपयोग आहे. ते ९० दिवसांत बजावलं नसेल तर निलंबन संपवून कामावर घ्यावं, असा ९ जुलै २०१९ चा शासन निर्णय आहे. त्याचा हवाला देऊन याच आठवड्यात अर्ज करा. दाद मिळाली नाही तर मुंबईच्या प्रशासकीय न्यायाधिकरणात जाता येतं.

वडिलांना दोषारोपपत्र कोणत्या तारखेला हातात मिळालं, की मिळालंच नाही, तेवढं कळवा. त्यावरून अर्जाचा मसुदा मी लिहून देतो.