ओवेन्स जिंकला, संघ हरला

अमेरिकी विद्यापीठांच्या पुरुष मैदानी स्पर्धेविषयी वाचकांचे प्रश्न

प्रश्न : एनसीएएची (अमेरिकी विद्यापीठांची क्रीडा संघटना) ही स्पर्धा किती जुनी? कधी खंड पडला का?

उत्तर : पहिली स्पर्धा १९२१ साली शिकागो विद्यापीठाच्या स्टॅग फील्डवर झाली आणि इलिनॉय विद्यापीठ विजेतं ठरलं. १९२४ हे ऑलिंपिकचं वर्ष होतं, तेव्हा ती भरली नाही; २०२० साली कोरोनाने रद्द झाली. महायुद्ध मात्र तिला थांबवू शकलं नाही. मुलींना एनसीएएची ही दारं थेट १९८२ साली उघडली. इतका उशीर मला आजही डाचतो.

प्रश्न : अमेरिकी धावपटू जेसी ओवेन्सने १९३५ आणि १९३६ अशी दोन्ही वर्षं चार-चार प्रकार जिंकले. मग त्याच्या ओहायो स्टेट विद्यापीठाला सांघिक विजेतेपद का नाही?

उत्तर : कारण इथे पदकं नव्हे, गुण मोजतात. आज पहिल्या आठ जणांना अनुक्रमे १०, ८, ६, ५, ४, ३, २, १ गुण मिळतात. तेव्हाची विभागणी वेगळी असली तरी तत्त्व हेच होतं. प्रशिक्षक डीन क्रॉमवेल यांच्या सदर्न कॅलिफोर्निया विद्यापीठाकडे जवळजवळ प्रत्येक प्रकारात गुण आणणारी मुलं होती. त्या बळावर त्यांनी १९३५ ते १९४३ सलग नऊ वेळा बाजी मारली. २०२५ पर्यंत त्यांची एकूण विजेतेपदं २७ झाली. याबाबतीत त्यांच्या जवळपासही कुणी नाही.

म्हणून ओवेन्स लहान होत नाही. त्याला शिष्यवृत्ती नव्हती. लिफ्ट चालवून तो शिकत होता आणि कृष्णवर्णीय म्हणून त्याला विद्यापीठाच्या आवाराबाहेर राहावं लागे. हे सोसून तो लांब उडी, दोन वेगवान शर्यती आणि कमी उंचीच्या अडथळ्यांची शर्यत जिंकत होता. जून १९३६ मध्ये शिकागोत याच स्पर्धेत त्याने १०० मीटरचा १०.२ सेकंदांचा विश्वविक्रम केला. बर्लिन ऑलिंपिक त्यानंतरचं. त्याची गोष्ट बर्लिनपासून सुरू करणाऱ्यांनी शिकागो वाचायलाच हवं.

प्रश्न : जुन्या निकालांत कधी यार्ड, कधी मीटर असं का?

उत्तर : ऑलिंपिकच्या वर्षी मीटर, एरवी यार्ड, अशी पद्धत होती. १९७६ पासून कायमचे मीटर आले. १०० यार्ड म्हणजे ९१.४४ मीटर, तेव्हा वेळांची तुलना जपून करा.

प्रश्न : कुणी भारतीय जिंकला आहे का?

उत्तर : हो. मोहिंदरसिंग गिल तिहेरी उडीत जिंकला, तर विकास गौडा २००६ मध्ये नॉर्थ कॅरोलिनाकडून थाळीफेकीत. तेजस्विन शंकरने कॅन्सस स्टेटकडून उंच उडी दोनदा जिंकली : २०१८ साली पहिल्याच वर्षाला असताना २.२४ मीटर मारून, आणि पुन्हा २०२२ साली. त्या दुसऱ्या वेळी भारतातली आंतरराज्य स्पर्धा याच सुमारास चेन्नईत होती. तिला तो येऊ शकला नाही म्हणून राष्ट्रकुल संघातून त्याला वगळलं. त्याला दिल्ली उच्च न्यायालयात जावं लागलं, ऐनवेळी संघात जागा मिळाली आणि बर्मिंगहॅमला त्याने कांस्य आणलं. राष्ट्रकुल स्पर्धांतलं उंच उडीतलं ते भारताचं पहिलं पदक.