पोहता येत नाही, हा प्रश्नच नाही

प्रश्न : मुलगी बारावी सायन्सला आहे. मार्क मेडिकलपुरते येतील. पण तिला देवमाशांवर संशोधन करायचंय. अभ्यास सोडून वहीत त्यांच्या प्रवासाचे नकाशे काढत बसते. त्या वह्या मी कपाटात कुलूप लावून ठेवल्यात. गणित तर तिने सोडलंच आहे. आणि पोहताही येत नाही! तिचं हे वेड उतरेल असं काहीतरी लिहा.
– एक वडील

उत्तर : तसं काही लिहिणार नाही. तुमच्या पत्रात मला मुलीची नाही, त्या कुलपाची काळजी वाटली. राखाडी देवमासा बाहा कॅलिफोर्नियाच्या उथळ खाड्यांत पिलं देतो आणि खाण्यासाठी पार आर्क्टिकपर्यंत जातो. जाऊन-येऊन पंधरा-वीस हजार किलोमीटर. कुणी न सांगता जी मुलगी असले मार्ग कागदावर मांडते, ती अभ्यासच करतेय. वह्या आजच परत द्या. मेडिकलची परीक्षा तिला द्यावीशी वाटली तर देईल. मार्क येतात एवढ्यावर कुणी डॉक्टर होऊ नये.

आता पोहण्याचं. देवमाशांचा अभ्यास म्हणजे त्यांच्या शेजारी पोहणं, हा समज कॅमेऱ्यांनी करून दिलाय. प्रत्यक्षात बरंचसं काम खुर्चीत बसून होतं. फिन व्हेलची हाक साधारण 20 हर्ट्झची, म्हणजे आपल्या कानाला जेमतेम लागेल न लागेल अशी. पाण्याखाली महिनोन्महिने चालू ठेवलेल्या हायड्रोफोनचं, म्हणजे पाण्यातल्या मायक्रोफोनचं, रेकॉर्डिंग पडद्यावर उलगडायचं आणि जहाजांच्या घरघरीतून सेकंदभराची ती खूण हुडकायची. हम्पबॅक जातीच्या देवमाशाच्या शेपटीखालचे काळे-पांढरे डाग प्रत्येकाचे निराळे असतात, त्यामुळे फोटो जुळवून एकेक प्राणी ओळखता येतो. अरबी समुद्रातले हम्पबॅक इतरांसारखे थंड पाण्याकडे जात नाहीत, बारा महिने तिथेच असतात. ओमानच्या किनाऱ्याजवळ काढलेल्या फोटोंवरून त्यांची संख्या शंभराच्याही आत असावी असा अंदाज निघाला. मोजके प्राणी पुन्हापुन्हा दिसले, त्यावरून न दिसलेले किती, हे काढायचं म्हणजे निव्वळ संख्याशास्त्र. तेव्हा पोहणं राहू द्या, गणित सोडलंय त्याचं बघा. हे तिलाही स्पष्ट सांगा : नुसत्या जीवशास्त्रावर या क्षेत्रात फार पुढे जाता येत नाही. पदवीला संख्याशास्त्र आणि थोडं प्रोग्रॅमिंग हवंच. पुढे सागरी विज्ञानात एम.एस्सी., मग पीएच.डी.

नोकऱ्या कमी आहेत, त्यातही पुष्कळशा प्रकल्प संपला की संपणाऱ्या. हे लपवण्यात अर्थ नाही. पण देवमासे काही एकटे जीवशास्त्रज्ञ वाचवत नाहीत. व्यापारी शिकारीवरची बंदी 1982 साली आंतरराष्ट्रीय व्हेलिंग आयोगात देशांच्या मतदानाने ठरली. उत्तर अटलांटिकमधले राइट व्हेल आज चारशेहूनही कमी उरले आहेत. जहाजांची धडक आणि मासेमारीचे दोर हीच त्यांच्या जिवावर उठलेली मुख्य संकटं. कॅनडाच्या फंडीच्या उपसागरात 2003 मध्ये जहाजांचा मार्गच बाजूला सरकवला. निरीक्षणं अभ्यासकांची, पण मार्ग बदलायला जहाजवाहतुकीतली माणसं लागली. मासेमारीचे दोराशिवाय चालणारे सापळे इंजिनिअर बनवताहेत. तेव्हा तिला विचारा, त्या प्राण्याची ओढ आहे की त्याला वाचवण्याची? दुसरं उत्तर आलं तर सागरी कायदा किंवा इंजिनिअरिंगही तिचंच क्षेत्र ठरेल.

हायड्रोफोनची रेकॉर्डिंग इंटरनेटवर फुकट मिळतात. सुट्टीत तिला त्यातलं एखादं तासाचं रेकॉर्डिंग घेऊन बसू द्या. कंटाळली तर तिचं तिलाच कळेल. आणि पुढचं पत्र तुम्ही नका लिहू, तिला लिहू द्या.