काठमांडूत एकच दिवस हातात असेल तर गाइडसोबत दिवसभराची टूर घ्यावी का?

तुम्ही लिहिलंय की मुक्तिनाथ करून परतताना काठमांडूत एक अख्खा दिवस मिळतोय, सोबत सत्तरीतले आईवडील आहेत, हॉटेलवाला 'एका दिवसात सात ठिकाणं' अशी टूर गळ्यात मारतोय, आणि ती घ्यावी की टॅक्सी करून आपलं आपण फिरावं हे ठरत नाहीये.

गाइड जरूर घ्या. सात ठिकाणं मात्र नकोत. हे मी दोन्ही करून बसल्यावर सांगतेय.

पहिल्यांदा गेले तेव्हा मीही तेच सातवालं पत्रक बघून भुलले होते. सातचा आकडा त्यांनी हवेतून काढलेला नाही. 1979 साली काठमांडू खोऱ्याला जागतिक वारशाचा दर्जा मिळाला तो सात स्थळसमूहांना मिळून: काठमांडूचा हनुमान ढोका, पाटन आणि भक्तपूर हे तीन दरबार चौक (राजवाड्यांपुढची पटांगणं), स्वयंभू आणि बौद्धनाथ हे दोन स्तूप, शिवाय पशुपतिनाथ आणि चांगुनारायण. पण ही सात एका गावात नाहीत. भक्तपूर तेरा किलोमीटरवर, चांगुनारायण त्याच्याही पलीकडे टेकडीवर. तेरा किलोमीटर ऐकून आपल्याला वाटतं, वीस मिनिटं. तिथल्या गर्दीत आणि धुळीत तासभर धरून चाला.

त्या दिवशी आमची बस पशुपतिनाथाला पोचली दुपारी पाऊण वाजता. बाराच्या सुमारास गाभाऱ्याची दारं बंद होतात ती संध्याकाळपर्यंत, ही गोष्ट टूरवाल्यांना ठाऊक नसणार असं नाही. तरीही कार्यक्रमात ते ठिकाण दुपारीच होतं, कारण रस्ता त्यांना तसा सोयीचा पडत होता. आम्ही सोनेरी नंदीची पाठ बघून परतलो. पाटनला पंचवीस मिनिटं मिळाली. आणि 'थांका चित्रांची शाळा' (थांका म्हणजे कापडावरची बौद्ध धार्मिक चित्रं) म्हणून जिथे नेलं त्या दुकानात पन्नास. तिथे ग्रुपमधल्या एका काकांच्या डोक्यावर काशाचं भांडं उपडं ठेवून वाजवून दाखवलं. त्यांची पाठदुखी गेली की नाही ते कळलं नाही, भांडं मात्र त्यांनी घेतलं.

दुसऱ्यांदा आईला घेऊन गेले. तेव्हा गाडी वेगळी ठरवली आणि गाइड वेगळा, तोही फक्त अकरा ते सहा. गाइड पाटनचेच, खोऱ्यातल्या मूळच्या नेवार समाजातले, पन्नाशी उलटलेले. तिकडे अशा माणसाला 'दाइ' म्हणतात, म्हणजे दादा. माझी यादी वाचून दाइंनी कागद परत माझ्या हातात दिला आणि हिंदीत म्हणाले, एवढं सगळं दाखवायचं तर ड्रायव्हर पुरे, माझं काम काय? मग आम्ही दोन चौक ठेवले. पाटन आणि हनुमान ढोका.

हे दोनच का, ते पाटनच्या चौकात एका पाटीवर बसून त्यांनी समजावलं. पाटी म्हणजे वाटसरूंसाठी बांधलेली उघडी ओसरी, खोऱ्यात जागोजागी दिसते. काठमांडू ही एक राजधानी समजून आपण जातो. प्रत्यक्षात खोऱ्यात तीन राजधान्या होत्या. 1482 मध्ये मल्ल घराण्याचा राजा यक्ष मल्ल वारला आणि त्याच्या वारसांत खोऱ्याची वाटणी होऊन कांतिपूर, ललितपूर आणि भक्तपूर अशी तीन राज्यं झाली. कांतिपूर म्हणजे आजचं काठमांडू, ललितपूर म्हणजे पाटन. पुढची जवळजवळ तीनशे वर्षं या भाऊबंदांनी एकमेकांशी लढाया केल्या आणि एकमेकांना खिजवायला देवळंही बांधली. एकाने केलं की दुसऱ्याने त्याहून उंच, नाहीतर त्याहून नाजूक. म्हणून प्रत्येक राजवाड्यासमोर देवळांची अशी दाटी. हे एकदा डोक्यात बसलं की चौकात उभं राहून कंटाळा येत नाही. नाहीतर तिसऱ्या चौकात सगळी देवळं सारखीच दिसायला लागतात आणि वडीलधारी मंडळी सावलीत बाकडं शोधतात. (माझ्या पहिल्या फेरीत मीच शोधत होते.)

आम्ही साताऱ्याचे, आमच्याकडेही एक पाटण आहे, त्यामुळे नाव ऐकूनच आईला ते गाव आवडून गेलं होतं. तिथल्या कृष्णमंदिरापुढे ती बराच वेळ उभी राहिली. सिद्धिनरसिंह मल्लाने 1637 साली बांधलेलं हे देऊळ विटा-लाकडाचं नाही, पूर्ण दगडी आहे आणि आपल्याकडच्यासारखं शिखराचं. पहिल्या मजल्यावर पट्टीसारखं महाभारत कोरलंय, त्याच्या वर रामायण. दाइंनी खालून बोटाने एकेक प्रसंग दाखवला आणि आईने त्यांच्या आधी ओळखायला सुरुवात केली. शेजारच्या देवळांच्या छपरांना तिरके लाकडी टेकू असतात, त्यांना टुँडाल म्हणतात. वर देवदेवता आणि खालच्या बाजूला अगदी उघडीवाघडी शिल्पं. दाइ तिथे घाईघाईने पुढे निघाले. आईने मात्र सगळं नीट बघितलं आणि काही बोलली नाही.

चौकाच्या उत्तर टोकाला पायऱ्या उतरून गेलं की मंगा हिटी लागते. हिटी म्हणजे जमिनीच्या पातळीखाली बांधलेलं पाणवठ्याचं कुंड, मगरमुखी दगडी धारांचं. ही सहाव्या शतकातली मानली जाते. बायका रांगेत घागरी आणि प्लास्टिकचे कॅन भरत होत्या. आमच्या पहिल्या टूरमध्ये इथे कुणी खाली उतरवलंही नव्हतं. राजवाड्यातलं पाटन संग्रहालयही सोडू नका. तिथे मूर्तींच्या मुद्रा आणि पितळी ओतकामाची रीत इतकी सोपी करून मांडलीय की गाइडलाही तासभर चहा प्यायला पाठवता येतं.

जेवण पाटनलाच करा. नेवारी खाजा घरात, म्हणजे नाश्त्याच्या छोट्या खानावळीत, 'बारा' मिळतो, उडदाच्या डाळीचं जाड धिरडं, आपल्या वड्याचा चपटा भाऊ म्हणा. आईवडील शाकाहारी असतील तर एवढं लक्षात ठेवा की 'बफ' म्हणजे म्हशीचं मांस आणि मोमोत ते सर्रास असतं. डाळभाताची थाळी सगळ्यात निर्धास्त, आणि बहुतेक ठिकाणी पुन्हा पुन्हा वाढतात. आम्हाला वाढणाऱ्या ताईने आईला विचारलं, "मिठो छ?" आई म्हणाली, "नाही गं, मीठ बरोबर आहे." मिठो म्हणजे चविष्ट. मीठाला ते नुन म्हणतात. अशी गंमत दिवसभर चालते, कारण लिपी आपलीच. दुकानाला पसल, पोलिसाला प्रहरी, विमानतळाला विमानस्थल. आईने गाडीतून प्रत्येक पाटी मोठ्याने वाचली. परदेशात आल्यासारखं वाटतच नाही म्हणाली, जरा नाराजीनेच.

दुपारी हनुमान ढोका. राजवाड्याच्या दारावरचा मारुती कांतिपूरचा राजा प्रताप मल्ल याने 1672 मध्ये बसवला. शेंदराची पुटं चढून चढून त्याचा चेहरा पार बुजलाय. हे आपल्याला नवीन नाही, गावोगावचे मारुती असेच असतात. त्याच प्रताप मल्लाने 1664 साली राजवाड्याच्या भिंतीवर पंधरा भाषांमधले शब्द गुंफून एक शिलालेख कोरून घेतला, कालिकेच्या स्तोत्राचा. त्यात 'विंटर' आणि 'ओतोन' असे इंग्रजी-फ्रेंच शब्दही रोमन अक्षरांत आहेत. सगळा लेख वाचता आला तर त्याच्या मधोमध असलेल्या तोटीतून दूध वाहील असं म्हणतात. तोटी कोरडी आहे.

पुढे तलेजूचं उंच देऊळ, 1564 सालचं, महेंद्र मल्लाने बांधलेलं. तलेजू ही मल्लांची कुलदेवता. परंपरा अशी की ती खोऱ्यात आली तराईतल्या सिम्रौनगढचा राजा हरिसिंहदेव याच्या घराण्याबरोबर, आणि ते घराणं स्वतःला कर्णाट म्हणवायचं, म्हणजे मूळ आपल्या दक्षिणेचं. तलेजू भवानी आणि तुळजाभवानी ही नावं शेजारी ठेवून बघा. बरेच जण दोघींचं नातं जोडतात. आईने तर बाहेरूनच ओटी भरायची तयारी केली, पण हे देऊळ सर्वसामान्यांना वर्षातून एकदाच, दसैंच्या (त्यांच्या दसऱ्याच्या) नवमीला, उघडतं. तिने पायरीला हात लावून नमस्कार केला.

कुमारी घरात पाच मिनिटं जाऊन या. 1757 सालची वास्तू, खिडक्यांचं कोरीवकाम बघतच राहावं असं. जिवंत देवी म्हणून पुजली जाणारी ही मुलगी शाक्य कुळातली, म्हणजे बौद्ध घरातली, आणि हिंदू तिला तलेजूचं रूप मानतात. ती खिडकीत येईल की नाही याचा भरवसा नाही. आली तर मोबाइल खाली, तिचा फोटो काढायचा नसतो. एवढंसं ते पोर खिडकीतून आपल्याकडे बघतं तेव्हा काय वाटावं हे मला अजून ठरवता आलेलं नाही.

काष्ठमंडप, म्हणजे त्याच चौकाजवळचा जुना लाकडी मंडप, सगळ्यात शेवटी ठेवा. काठमांडू हे नाव यावरूनच पडलं. 25 एप्रिल 2015 ला दुपारी बाराला चार मिनिटं कमी असताना भूकंप झाला तेव्हा आत रक्तदान शिबिर चाललं होतं. मंडप सगळाच्या सगळा खाली आला. नंतर उत्खनन झालं आणि पाया सातव्या शतकापर्यंत मागे जातो हे कळलं, आधी समजत होते त्याहून कितीतरी जुना. आता उभा आहे तो स्थानिक लोकांच्या समितीने जुन्या पद्धतीने, लाकडात पुन्हा उभारलेला. दाइ तिथे बोलायचे थांबले. मग म्हणाले, शनिवार होता, शाळांना सुट्टी होती, म्हणून एवढी मुलं वाचली. नेपाळमध्ये तेव्हा आठवड्याची सुट्टी रविवारी नव्हे, शनिवारी असायची.

गाइड नको तो पशुपतिनाथ आणि बौद्धनाथला. ही दोन सकाळी आपली आपण करा. साडेसहाला टॅक्सीने पशुपतिनाथ गाठा. शनिवार आणि सोमवार शक्यतो टाळा, रांग अंगावर येते. भारतीयांना तिकीट नाही. चामड्याचा पट्टा-पाकीट हॉटेलवरच ठेवा, आत फोटो काढू नका. लिंगाला चार दिशांना चार मुखं आहेत आणि दारंही चार, त्यामुळे चारही बाजूंनी दर्शन घेता येतं. पूजा करणारे भट्ट पुजारी दक्षिणेतून, कर्नाटकातून येतात. दर्शन झालं की बागमतीच्या पलीकडच्या पायऱ्यांवर बसा. समोर आर्यघाटावर चिता पेटलेल्या असतात. काही पर्यटक झूम करून फोटो काढत असतात, त्यांच्याकडे बघू नका. बाबांना जाऊन तेव्हा वर्ष झालं होतं. आई तिथे तासभर बसली. कुणी माहिती द्यायला सोबत नव्हतं ते बरं झालं.

तिथून बौद्धनाथ दोन-अडीच किलोमीटर. छत्तीस मीटर उंचीचा स्तूप. भूकंपात तडकलेलं वरचं शिखर उतरवून नव्याने बांधलं आणि 2016 च्या नोव्हेंबरात तो पुन्हा खुला झाला. उजवा हात स्तूपाकडे ठेवून प्रदक्षिणा घाला, म्हातारी तिबेटी माणसं घालतात त्या चालीने. मग समोरच्या एखाद्या गच्चीवर चढून नाश्ता करा. अकराच्या आत पाटनला निघा.

स्वयंभूच्या पूर्वेकडच्या 365 पायऱ्या तुमच्या आईवडिलांना नकोत. मागच्या बाजूने गाडी बरीच वर जाते, तरी काही पायऱ्या राहतातच आणि माकडं हातातली पिशवी ओढतात. मी गाळलं. भक्तपूर गाळताना जीव हळहळतो. न्यातपोल हे 1702 सालचं पाच छपरांचं देऊळ 1934 आणि 2015 या दोन्ही भूकंपांत टिकलंय, आणि तिथलं मातीच्या भांड्यातलं जुजु धौ दही नुसतं त्याच्यासाठी जावं असं आहे. पण ते अर्ध्या दिवसाचं काम. विमान दुसऱ्या दिवशी दुपारनंतरचं असेल तर सकाळी उरका.

गाइड ठरवताना तीन गोष्टी आधीच बोलून घ्या. परवान्याचं ओळखपत्र बघा. एकाही दुकानात थांबायचं नाही हे सांगा, त्यासाठी दोनशे-तीनशे जास्त मागितले तरी द्या. आणि रक्कम 'आयसी' की 'एनसी' ते विचारा: आयसी म्हणजे आपले रुपये, एनसी म्हणजे नेपाळी, आपल्या शंभराचे त्यांचे एकशे साठ. चौकांच्या तिकीटखिडकीवर 'सार्क' (म्हणजे भारतासकट दक्षिण आशियाई देशांची संघटना) असं सांगा आणि ओळखपत्र दाखवा. गोऱ्या पर्यटकांपेक्षा बरंच कमी पडतं.

आणि नेपाळचं घड्याळ आपल्यापेक्षा पंधरा मिनिटं पुढे आहे. मोबाइल आपोआप बदलतो, वडिलांच्या मनगटावरचं बदलत नाही. आईने तिचं चारही दिवस भारतातच ठेवलं होतं. रोज सकाळी आम्ही गाडीत बसून तिची पाव तास वाट बघायचो, आणि ती रोज अगदी वेळेवर यायची.