मधली तेवीस वर्षे

प्रश्न : ब्रिटिश दिग्दर्शक चार्ल्स क्रायटन यांनी १९५१मध्ये ‘द लॅव्हेंडर हिल मॉब’ केला आणि १९८८मध्ये ‘अ फिश कॉल्ड वाँडा’. मधल्या काळात ते काय करत होते? त्यांचे चित्रपट कोणत्या क्रमाने पाहावेत?

उत्तर : १९६५च्या ‘ही हू राइड्स अ टायगर’नंतर तेवीस वर्षे त्यांचा चित्रपट आला नाही. काम मात्र थांबले नव्हते. ‘द अ‍ॅव्हेंजर्स’, ‘स्पेस: १९९९’ अशा दूरचित्रवाणी मालिकांचे भाग त्यांनी दिग्दर्शित केले. ‘वाँडा’चे लेखक-अभिनेते जॉन क्लीझ यांच्या कंपनीसाठी प्रशिक्षणपटही केले. ‘वाँडा’ त्याच ओळखीतून आला. तेव्हा ते ७७ वर्षांचे होते, आणि दिग्दर्शनासाठी त्यांना ऑस्कर नामांकन मिळाले.

क्रायटन मूळचे संकलक. १९४०चा ‘द थीफ ऑफ बगदाद’ त्यांनी संकलित केला. हे ध्यानात ठेवून आधी ‘लॅव्हेंडर हिल मॉब’च पाहा. चोरलेल्या सोन्याचे छोटे, शोभेचे आयफेल टॉवर शाळकरी मुलींच्या हाती पडतात आणि दोघे चोर खऱ्या टॉवरच्या गोल जिन्यावरून धावत सुटतात. तिथे संवादांपेक्षा शॉटची लांबी हसवते. शॉट किंचित जरी लांबला असता तरी ती गरगर उरली नसती. मग थेट ‘वाँडा’. ‘द टिटफील्ड थंडरबोल्ट’ (१९५३) सवडीने. तो रमणीय आहे, पण धार कमी.