सही नको, सराव मात्र चालू राहू दे

ताई,

खानापूर तालुक्यातून आलेलं तुमचं पत्र दोनदा वाचलं. लेक सतरा वर्षांची, पीयूसीच्या पहिल्या वर्षाला, म्हणजे अकरावीला, कॉमर्सला. पहाटेच्या बसनं बेळगावला बॉक्सिंगच्या सरावाला जाते आणि तिथूनच कॉलेज गाठते. वडील उद्यमबागेत फाउंड्रीत कामाला. गेल्या महिन्यात कुणी एक जण क्लबात आला, एका लढतीचे पंधरा हजार देतो म्हणाला आणि ‘प्रोफेशनल’ कराराचा कागद देऊन गेला. तेव्हापासून पोरगी हटून बसलीय. तुम्ही विचारता, सही करू का? आणि अगदी शेवटी, वेगळ्या शाईत लिहिलंय : नाक मोडलं तर पुढं लग्नाचं काय?

सही करू नका. ती अजून अठराची नाही, तिच्या सहीला कायद्यानं किंमत नाही. म्हणूनच तो कागद तुमच्यापुढं आलाय.

खरा घोळ ‘प्रोफेशनल’ या शब्दाचा आहे. आपल्याला वाटतं, प्रोफेशनल म्हणजे पगारी, कायमचं. बॉक्सिंगमध्ये नेमकं उलटं आहे. सरकारी नोकरी, शिबिरं, शिष्यवृत्ती हे सगळं हौशी, म्हणजे अ‍ॅमॅच्युअर बॉक्सिंगमध्ये मिळतं. व्यावसायिक बॉक्सरला पगार नसतो. लढत झाली तर मानधन, आणि त्यातूनच प्रशिक्षक, मॅनेजर, प्रवास, वैद्यकीय तपासण्या भागवायच्या. दोन लढतींमध्ये कितीही महिने जाऊ शकतात. डोक्याला हेडगार्ड नसतं. बायकांची फेरी दोन मिनिटांची असते, पण किताबाच्या लढतीत अशा दहा फेऱ्या खेळाव्या लागतात. तुमची लेक आज खेळते त्या तीन फेऱ्या. तिथून थेट दहावर उडी मारता येत नाही.

या क्षेत्रात नाव काढलेल्या बायका कुठून आल्या ते तिला बघायला सांगा. आयर्लंडची केटी टेलर आणि अमेरिकेची क्लॅरेसा शील्ड्स, दोघींनी 2012 च्या लंडन ऑलिंपिकमध्ये सुवर्ण जिंकलं. महिलांचं बॉक्सिंग ऑलिंपिकमध्ये आलं तेच त्या वर्षी. शील्ड्सनं 2016 ला दुसरं सुवर्णही घेतलं, आणि दोघी व्यावसायिक झाल्या त्यानंतर, 2016 च्या अखेरीस. 2022 मध्ये टेलरची लढत न्यूयॉर्कच्या मॅडिसन स्क्वेअर गार्डनमध्ये मुख्य लढत म्हणून झाली. तिथवर पोचायला आधी हौशी बॉक्सिंगची कितीतरी वर्षं गेली होती. तुमच्या मुलीचं स्वप्न चुकीचं नाही, फक्त त्याचा नंबर अजून आलेला नाही.

आता पोटापाण्याचं. दक्षिण पश्चिम रेल्वेचं मुख्यालय हुबळीला, म्हणजे तुमच्या उंबऱ्यापाशीच. रेल्वेत खेळाडूंसाठी वेगळी भरती निघते आणि महिला बॉक्सिंगमध्ये रेल्वेचा संघ देशात दबदबा राखून आहे. लष्करात बघा : भिवानीची जास्मिन लंबोरिया 2022 मध्ये खेळाच्या जोरावर हवालदार म्हणून भरती झाली आणि 2025 मध्ये लिव्हरपूलला 57 किलो गटात जगज्जेती झाली. बॉक्सर निखत झरीनला तेलंगणा सरकारनं 2024 मध्ये पोलीस उपअधीक्षक केलं. या भरत्यांत मान्यताप्राप्त राज्य आणि राष्ट्रीय स्पर्धांची प्रमाणपत्रं मोजतात. पंधरा हजारांच्या लढतीचा कागद तिथं कुणी हातात धरणार नाही.

आपल्या भागातल्या लेकरांना आणखी एक गोष्ट सांभाळावी लागते. तुमचं गाव महाराष्ट्रानं दावा सांगितलेल्या 865 गावांत असेल, तर महाराष्ट्राच्या सरकारी भरतीत रहिवासाच्या अटीत सवलत मिळते. पण ती रहिवासाची सवलत आहे, खेळाच्या आरक्षणाची नव्हे. कर्नाटकाकडून खेळून मिळवलेलं प्रमाणपत्र तिकडच्या क्रीडा कोट्यात चालेल का, हे त्या खात्याकडून आत्ताच लेखी मागून घ्या. कोल्हापुरातून महाराष्ट्राकडून खेळायचं की बेळगावातून कर्नाटकाकडून, हा निर्णय आधी घ्यायचा असतो, पदक आल्यावर नाही. माझं मत म्हणाल, तर सध्या बेळगावच. कर्नाटकातल्या बायकांना सरकारी बस मोफत करणाऱ्या शक्ती योजनेमुळं जून 2023 पासून तिचा बसखर्च शून्य आहे. वाचलेले पैसे अंडी, दूध, शेंगदाण्यावर खर्च करा. वजनासाठी तिला उपाशी मात्र राहू देऊ नका. पॅरिस ऑलिंपिकला कुस्तीपटू विनेश फोगाट 100 ग्रॅम जास्त वजनामुळं अपात्र ठरली, ते तुम्हीही विसरला नसाल. वाढत्या वयातल्या मुलीनं वरच्या वजनगटात खेळलेलं बरं.

दुखापतीबद्दल खोटा धीर देणार नाही. नाक मोडतं. त्याहून जपायचं ते डोकं. मार लागल्यावर डोकं दुखलं, उलटी झाली, बोलणं अडखळलं तर त्याच दिवशी डॉक्टर, आणि ते सांगतील तोवर सराव बंद. मुलगी लपवेल, म्हणून तुम्ही विचारत राहा. निखतचा सुजलेला चेहरा बघून तिची आईही रडली होती, तिलाही मुलीच्या लग्नाचीच काळजी होती. मुलगी दोनदा जगज्जेती झाली.

तुम्ही लिहिलंय, रात्री दोरीवर तिच्या दोन लांब पट्ट्या वाळत असतात, घामाचा वास जात नाही. एकदा तिला सांगा, माझ्या हाताला बांधून दाखव. साडेचार मीटरपर्यंतची पट्टी, आधी अंगठ्यात फास, मग मनगटाला वेढे, मग बोटांच्या मधून. मी एका मुलीकडून बांधून घेतली होती. मूठ वळली तेव्हा कळलं, ही पोरं हात किती जपतात.

पीयूसी सोडायची नाही. पदवी हातात असली की पुढं पतियाळाच्या राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा प्रशिक्षक पदविका अभ्यासक्रमही करता येईल. यजमानांना सुट्टी असेल त्या दिवशी तिघंही माझ्याकडं या. येताना तिची सगळी प्रमाणपत्रं आणा आणि तो कराराचा कागदही, कोराच.