तुझ्या उजेडवाल्या पंथाबद्दल

प्रिय पोरी,

तुझी गोष्ट वाचली. मोबाईलवर झूम करून करून वाचली, डोळ्याची वाट लागली पण मजा आली. उजेडाची विद्या शिकणाऱ्या पंडितांचा पंथ, ही कल्पना भारी आहे, ती सोडू नको. पण तुझे पंडित स्फटिकाच्या मनोऱ्यात राहतात, बाहेर बर्फ पडतो, हात वर केला की बोटातून प्रकाश निघतो, हे कायचं काय? तू अमरावती जिल्ह्यातली, बर्फ पाहिला तो गोळेवाल्याच्या गाडीवर. तो पंथ उचल आणि इकडं आण, मेळघाटाच्या पायथ्याशी एखाद्या पडक्या वाड्यात बसव, मग पाहा काय होते.

इकडं आणला की सगळ्यात पहिले तुझं ते "उजेड चांगला, अंधार राक्षस" मोडते. थंड देशातल्या माणसाला ऊन देव वाटणारच, पण आपल्याकडं मे महिन्यात पारा ४५ च्या वर जातो, दुपारी रस्त्यावर कुत्रं दिसत नाही आणि जो तो निंबाच्या सावलीमागं बाज सरकवत असतो. इथल्या पंथात सावलीचे अभ्यासक पाहिजेतच, आणि माझं विचारशील तर तेच जास्त मानाचे. त्यांच्यासाठी तुला आयतं मटेरियल आहे. मेच्या शेवटच्या आठवड्यात, आपल्याकडं २४-२५ तारखेच्या आसपास, दुपारी साधारण सव्वाबाराला सूर्य बरोब्बर डोक्यावर येतो, ओळंबा लावून सरळ रोवलेल्या खांबाची सावली गायब होते आणि एरवी काळीशार दिसणाऱ्या अरुंद विहिरीत ऊन थेट पाण्यापर्यंत उतरते. जुलैच्या मधात पुन्हा एकदा होते, पण तेव्हा ढग. दिल्लीत हे कधीच होत नाही, कर्कवृत्ताच्या वर आहे ना ती. म्हणजे तुझ्या पंथानं इथंच ठाण का मांडलं याचं कारण तुला फुकटात मिळालं, राजधानीतले पंडित कितीही मोठे असू दे, बिनसावलीचा दिवस त्यांच्या नशिबात नाही.

आता जादू. मला विचारलं तर जादू कमी कर आणि काम वाढव. पंडित लोक दिवसभर करतात काय हे तुझ्या ८० पानांत कुठंच नाही, नुसते मंत्र म्हणतात आणि एकमेकांकडं गंभीर चेहऱ्यानं पाहतात. तुमच्या टिनाच्या छपराला खिळ्याचं भोक असेलच, दुपारी दार लावून घे आणि त्यातून खाली पडलेला उन्हाचा ठिपका पाहा. भोक चौकोनी असो की वेडंवाकडं, ठिपका गोलच पडतो, कारण तो भोकाचा आकार नाही, ते सूर्याचं चित्र आहे. दहा फुटावरून पडला तर साधारण इंचभर मोठा, आणि ग्रहण असलं की तोच ठिपका कोरीसारखा होतो. (वर भोकाकडं डोळा लावून पाहू नको, खाली जमिनीवर पाहा, हे दहावीच्या पोरांनाही सांगावं लागते म्हणून सांगतो.) तुझ्या पंथात नवीन आलेल्या पोराला पहिलं वर्षभर हेच काम दे. रोज ठिपका मोजायचा आणि वहीत लिहायचा.

आणि त्यांना भांडू दे. विद्वान आहेत आणि भांडत नाहीत, असं कुठं असते का? भांडणही मी देतो तुला. दिसते म्हणजे काय होते, डोळ्यातून काही बाहेर जाते की उजेड आत येतो? आपल्या न्यायदर्शन नावाच्या जुन्या तत्त्वज्ञानात डोळ्याचं तेज बाहेर जाऊन वस्तूला भिडते असं मानलं होतं, ग्रीकांमध्येही तसं मानणारे होते. मग हजारेक वर्षांपूर्वी बसऱ्याला जन्मलेल्या आणि कैरोत काम केलेल्या इब्न अल-हैथम या शास्त्रज्ञानं प्रयोग मांडून दाखवलं की उजेड डोळ्यात येतो. त्याचा दिव्यांचा प्रयोग तू ओसरीवर करू शकते, भोक पाडलेला पुठ्ठा दाराला लाव, बाहेर चार पणत्या ओळीनं ठेव, आतल्या भिंतीवर चार ठिपके दिसतील, एक पणती हातानं झाक, नेमका तिचाच ठिपका जाईल. उजेड भोकात एकमेकात मिसळत नाही, प्रत्येक आपल्या रेषेनं जातो. आता विचार कर, पंथात दोन तट आहेत आणि खालच्या गावातल्या म्हाताऱ्या रोज मीठमोहऱ्या ओवाळून म्हणतात, "पोराले नजर लागली वं माय." गाव अख्खं बाहेर जाणाऱ्या नजरेच्या बाजूनं! तुझा राक्षस काढून टाक, त्याची गरजच नाही.

पंथ कसा टिकतो हे पाहायचं असेल तर लांब जाऊ नको, महानुभाव पंथाच्या रिद्धपूरला जा. तेराव्या शतकात म्हाइंभटांनी चक्रधर स्वामींच्या आठवणी माणसामाणसाला विचारून गोळा केल्या, त्यातून लीळाचरित्र झालं, पुढं महानुभावांनी आपल्या पोथ्या सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत लिहिल्या, अक्षरांच्या जागी दुसरी अक्षरं, किल्ली नसेल तर वाचून दाखव. शेकडो वर्षं त्या पोथ्या बाहेरच्याला उमगल्या नाहीत. तुझ्या पंथाचं ग्रंथालय एका पानात जळून जाते, मला पटलं नाही. जाळायचंच असेल तर आधी ते कोणी लिहिलं, कोणी नक्कल केली, कोणाच्या नकलेत चूक होती, हे दाखव, नाहीतर जळलं काय न् राहिलं काय.

एक अजून. दिवे जळतात तर तेल कुठून येते? करंजाचं, एरंडाचं, ते कोण गोळा करते? वातीचा कापूस कोणाच्या वावरातला? आपल्याकडं कापूस पिकवणारा माणूस रात्री दोनला लाइन आली की टॉर्च घेऊन ओलिताला जातो, साप-डुकराच्या भीतीत, आणि तुझे पंडित तिकडं वाड्यात लख्ख उजेडात बसलेले. तो माणूस एका रात्री वाड्याचं दार वाजवतो. माझ्या मते तुझी गोष्ट इथून सुरू होते, पहिली ३० पानं काढली तरी चालतील.

पहिलं प्रकरण नव्यानं लिही, दिवाळीच्या आत पाठव. आणि या वेळी प्रिंट काढून बसस्टँडवरच्या पानठेल्यावर ठेवून दे, मी घेऊन जाईन, मोबाईलवर आता होत नाही.

तुझे
सर