मूकपटांच्या जर्मन अभिनेत्री हेनी पोर्टेन यांची कारकीर्द बोलपटांमुळे संपली का?

बोलपट आले आणि मूकपटांतल्या तारकांची सद्दी संपली, हे समीकरण सर्रास मांडले जाते. आपला प्रश्नही त्यातूनच आलेला दिसतो. पोर्टेन यांच्या बाबतीत मात्र ते मला पटत नाही. आवाजाने त्यांचे फारसे काही बिघडवले नाही. बिघडवले ते १९३३ नंतरच्या नाझी राजवटीने.

मुळात त्यांची सुरुवातच आवाजाच्या सोबतीने झाली. १८९० मध्ये माग्डेबुर्ग येथे जन्मलेल्या हेनी या ऑपेरा गायक फ्रान्झ पोर्टेन यांच्या कन्या. १९०६ पासून त्या बर्लिनचे निर्माते ओस्कार मेस्टर यांच्या ‘टोनबिल्ड’ प्रकारातल्या छोट्या चित्रपटांत काम करू लागल्या. ग्रामोफोनची तबकडी लावायची, तिच्यावरच्या गाण्याबरहुकूम कॅमेऱ्यासमोर ओठ हलवायचे, आणि चित्रपटगृहात पुन्हा चित्र व तबकडी जुळवून चालवायची, अशी ती पद्धत होती. (पार्श्वगायनावर पोसलेल्या आपल्यासारख्यांना यात नवल वाटू नये.) त्यांची भूमिका असलेल्या १९११ च्या ‘दास लीबेसग्लुक डेअर ब्लिंडेन’ची पटकथा त्यांच्या बहिणीने, रोझा पोर्टेन यांनी लिहिली होती.

त्यांचा आवाका पाहायचा असेल, तर १९२० चे एकच वर्ष पुरेसे आहे. दिग्दर्शक एर्न्स्ट लुबिच आणि सहकलाकार एमिल यानिंग्ज हेच असलेल्या दोन चित्रपटांपैकी ‘आना बोलेन’मध्ये त्या इंग्लंडची दुर्दैवी राणी आहेत, तर ‘कोलहीझेल्स टोख्टर’मध्ये खाणावळवाल्याच्या दोन्ही मुली, म्हणजे एक गोड, लाजरी आणि दुसरी आडदांड, जिला आधी उजवल्याशिवाय धाकटीचे लग्न होणार नाही. पुढच्या वर्षीच्या ‘हिंटरट्रेप्पे’मध्ये त्या एका घरातील मोलकरीण आहेत, प्रियकराच्या पत्राची वाट पाहत ती मोलकरीण दिवस काढते आणि तिच्यावर जीव जडलेला पोस्टमन ती पत्रे दडवून ठेवतो. या चित्रपटात शब्दपाट्या, म्हणजे संवाद वा निवेदन दाखवणाऱ्या पाट्या, जवळजवळ नाहीतच, त्यामुळे सगळा भार खांद्यांवर, हातांवर आणि थांबण्याच्या रीतीवर आहे. मला त्यांचे हे काम सर्वांत आवडते.

१९३० मध्ये ‘कोलहीझेल्स टोख्टर’ बोलपट म्हणून पुन्हा निघाला, तेव्हाही दोन्ही बहिणी त्याच झाल्या. आवाजाची अडचण असती, तर ही दुहेरी जोखीम कोणी पत्करली असती असे वाटत नाही.

त्यांचे पहिले पती, दिग्दर्शक कुर्ट स्टार्क, १९१६ मध्ये पहिल्या महायुद्धात मारले गेले होते. १९२१ मध्ये त्यांनी डॉ. विल्हेल्म फॉन काउफमान यांच्याशी विवाह केला. काउफमान ज्यू वंशाचे असल्याने नाझी सत्ता आल्यावर पोर्टेन यांच्यापुढे घटस्फोट किंवा कामावर पाणी सोडणे असे दोनच मार्ग उरले. त्यांनी घटस्फोट घेतला नाही, आणि एकेकाळी वर्षाला अनेक चित्रपट करणाऱ्या अभिनेत्रीच्या वाट्याला मोजक्याच भूमिका येऊ लागल्या. त्यांपैकी दिग्दर्शक पाब्स्ट यांच्या १९४१ च्या ‘कोमेडिआंटेन’मधली भूमिका उल्लेखनीय आहे. युद्धानंतर मुख्य भूमिका मिळाली तीही पूर्व जर्मनीच्या ‘डेफा’ या संस्थेकडून, १९५४ च्या ‘कारोला लांबेर्टी’मध्ये. १९६० मध्ये बर्लिन येथे त्यांचे निधन झाले.